एकपिकी गावे आणि जपानी चष्मा

जपानमध्ये बनणाऱ्या चष्म्याच्या दर शंभर फ्रेमपैकी नव्वदहून अधिक फ्रेम फुकुई या एकाच प्रांतात तयार होतात, आणि त्यातल्या बहुतेक साबाए या जेमतेम सत्तर हजार वस्तीच्या गावात आणि त्याच्या आसपास. एका लहान गावाने एवढा मोठा धंदा कसा उभा केला, याचे उत्तर देताना जपानी माणसाच्या उपजत शिस्तीचे आणि हातातल्या कसबाचे कौतुक केले जाते. हे उत्तर मला पटत नाही. साबाएचा चष्मा १९०५ साली घेतलेल्या एका निर्णयातून आला. शेतीचा हंगाम संपल्यावर हात रिकामे राहणाऱ्या शेतकऱ्याला त्याच्याच गावात कारागीर करायचे, असा तो निर्णय होता. तो किती मोलाचा होता हे कळायला नवी मुंबईसारखी दुसरी जागा नाही. इथेही एका पिकावर जगणारी भाताची गावे होती आणि पिकानंतरचा मोकळा काळ होता. इथे उद्योगही आले, पण त्यांनी गावकऱ्यांची जमीन घेतली आणि त्यांचे हात तसेच सोडून दिले.

सुरुवातीला दोन्ही प्रदेश चष्म्याच्या बाबतीत एकाच पायरीवर उभे होते. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराचे अभिरक्षक प. कृ. गोडे यांनी भारतातील चष्म्याच्या इतिहासाचे धागे जुन्या ग्रंथांतून गोळा केले. विजयनगरच्या दरबारात मान असलेले व्यासराय स्वामी १५२० च्या सुमारास चष्मा लावून पोथी वाचत, असा उल्लेख सोमनाथ कवीच्या संस्कृत चरित्रग्रंथात आहे. चष्मा पोर्तुगीजांबरोबर आपल्या किनाऱ्यावर उतरला, असे गोडे यांचे मत होते. जपानला तो पोचला तोही याच वाटेने. फ्रान्सिस झेवियर एप्रिल १५४९ मध्ये गोव्याहून निघाले, त्याच वर्षी १५ ऑगस्टला कागोशिमाला उतरले आणि १५५१ मध्ये यामागुचीचे अधिपती ओउची योशिताका यांना त्यांनी ज्या भेटी दिल्या, त्यांत चष्मा होता असे परंपरा सांगते. त्या वेळी त्यांच्याजवळ पोर्तुगीज भारताच्या गव्हर्नरांची आणि गोव्याच्या बिशपांची पत्रे होती. म्हणजे जपानचा पहिला चष्मा गोव्याच्या बाजूने गेला. इथे तर चष्मा जपानच्या आधी आला. आधी मिळाले म्हणून कोणी पुढे गेले, असे इथे म्हणता येत नाही.

फरक पडला तो विसाव्या शतकाच्या तोंडावर. फुकुई हा जपान समुद्राच्या काठचा प्रांत, आणि इथला हिवाळा म्हणजे महिनोन्‌महिने साचणारा बर्फ. साबाएशेजारच्या आसोझू भागातल्या शोनो गावात कुटुंबामागे जमीन थोडी, पीक एकच, आणि बर्फ पडला की काम बंद. तरुण मजुरीसाठी शहराकडे जात. गावच्या पंचायतीवर असलेल्या मासुनागा गोझाएमोन यांना घराबाहेर न पडता करता येईल असा जोडधंदा हवा होता. ओसाकाला राहणाऱ्या धाकट्या भावाने चष्मा सुचवला. मोठी यंत्रे नकोत, भांडवल थोडे, माल हलका आणि मागणी वाढती. रशियाशी चाललेल्या युद्धाच्या बातम्यांसाठी लोक वर्तमानपत्रे वाचू लागले होते, शाळा वाढत होत्या. गोझाएमोन यांनी ओसाका आणि टोकियोतून जाणते कारागीर गावात आणून बसवले आणि गावातल्या तरुणांना त्यांच्या हाताखाली दिले. सुरुवातीच्या पितळी फ्रेम ओबडधोबड होत्या. तरीही गोझाएमोन मागे फिरले नाहीत. त्यांनी ओसाकाहून तयार माल आणून विकला असता तर तोही धंदाच झाला असता. त्यांनी माल न आणता उस्ताद आणला, आणि तिथूनच साबाएचा इतिहास सुरू झाला.

दुसरी महत्त्वाची गोष्ट म्हणजे शिकलेल्या माणसाला त्यांनी बांधून ठेवले नाही. चोबा नावाच्या पद्धतीत हात बसलेला कारागीर आपला वेगळा गट करी, स्वतःचे शागीर्द घेई आणि इतर गटांशी मालाच्या दर्जात स्पर्धा करी. पुढे हेच गटप्रमुख स्वतंत्र कारखानदार झाले आणि धंदा शेजारच्या साबाएत पसरला. एका फ्रेमचे काम सुमारे २०० लहान टप्प्यांतून जाते. एका घरात फक्त बिजागरी होते, दुसऱ्यात दांडी वाकवतात, तिसऱ्यात डाग देतात, चौथ्यात घासून चकाकी आणतात. एकेका कामात पिढ्या घालवणारी ही घरे एकमेकांपासून हाकेच्या अंतरावर होती. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला टायटॅनियमची फ्रेम बाजारात आणण्याचा मान साबाएला मिळाला, तो या शेजारामुळे. हा धातू हलका आहे, गंजत नाही आणि कातडीला त्रास देत नाही. पण तापवला की हवेतला प्राणवायू धरतो आणि सांधा ठिसूळ होतो. त्याला डाग कसा द्यायचा, तो दाबायचा कसा, रंगवायचा कसा, हे प्रश्न एका कारखान्याच्या बळावर सुटणारे नव्हते. शेजारी राहणाऱ्या अनेक हातांनी ते मिळून सोडवले.

आता ठाणे खाडीच्या या काठाकडे या. ठाणे-बेलापूर पट्टी, पनवेल आणि उरण या भागातली आगरी-कोळी गावे पावसाळ्यात भात घेत आणि पाऊस सरला की मिठागरांवर राबत किंवा खाडीत मासेमारी करत. खारबंदिस्ती घालून समुद्राकडून जमीन सोडवायची, तिच्यावर भात पिकवायचा आणि मिठागरांत मीठ काढायचे, हे ज्ञान पिढ्यांचे होते. १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि ठाणे-बेलापूर पट्ट्यात रसायनांचे, औषधांचे, यंत्रांचे कारखाने उभे राहिले. १९७० मध्ये सिडको हे सरकारी महामंडळ आले आणि ९५ गावांच्या जमिनी नवी मुंबई या नव्या शहरासाठी घेण्याचे काम सुरू झाले. १९८९ मध्ये न्हावाशेवा बंदर सुरू झाले. कारखाने, घाऊक बाजार, बंदर हे सारे आले, पण यांतला कोणताही उद्योग या गावांच्या पोटातून निघाला नाही. भरपाईच्या दरावरून संघर्ष पेटला आणि जानेवारी १९८४ मध्ये जासईच्या परिसरात पोलिसांच्या गोळीबारात पाच जणांचा बळी गेला. दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील त्या लढ्यातून पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाचा हक्क मिळाला. हा विजय मोठा होता आणि त्याची किंमत प्राणांनी चुकवली गेली. पण सगळा झगडा जमिनीच्या मोबदल्याचा राहिला, कारण सरकारने समोर दुसरे काही ठेवलेच नव्हते. भूखंड मिळाला, तो विकला की संपला. कसब असे संपत नाही, ते वापरले की वाढते.

यावर पहिला आक्षेप असा घेतला जाईल की जपान स्वतंत्र होता आणि आपण पारतंत्र्यात होतो, तेव्हा तुलना अन्यायाची आहे. यात तथ्य आहे. भारतात चष्म्याचे संघटित दुकान आले तेच मुळात परदेशी पेढीच्या रूपाने. लॉरेन्स अँड मेयो १८७७ पासून इथे आहे. काळबादेवीच्या विठ्ठलवाडीत चष्म्याच्या घाऊक मालाच्या पेढ्या उभ्या राहिल्या आणि चष्मा म्हणजे बाहेरून आणून विकायची वस्तू ही घडी बसली. पण सिडकोची स्थापना स्वातंत्र्यानंतर तेवीस वर्षांनी झाली. जमीन घेण्याचा कायदा, नियोजनकार आणि पैसा हे सारे तोवर आपल्याच हाती होते. शिवाय शोनोचा प्रारंभ राज्यसत्तेच्या जोरावर झालेला नाही. गावातल्या एका कर्त्या माणसाच्या जिद्दीवर तो झाला. पारतंत्र्याने विठ्ठलवाडीच्या बाजाराचा खुलासा होतो, बेलापूर पट्टीचा होत नाही.

दुसरा आक्षेप अधिक जड आहे. कारागिरीचे गाव वाचते कुठे? साबाएचाच पुढचा इतिहास पाहा, असे कोणी म्हणेल. १९९० च्या दशकापासून चिनी फ्रेम आल्या आणि साबाएतली अनेक लहान कारखानदार घरे बंद पडली. २००१ मध्ये झॉफ या दुकानांच्या साखळीने आणि त्याच सुमारास जिन्स या दुसऱ्या साखळीने ५,००० येनांपासून पुढे ठरलेल्या किमतीत काचेसह चष्मा विकायला सुरुवात केली. तोवर जपानी ग्राहकाला त्यासाठी कितीतरी पट जास्त मोजावे लागत. हा स्वस्त माल बहुतांशी चीनमध्ये बनत होता. नंबर काढून अर्ध्या-पाऊण तासात चष्मा हाती देण्याची रीत रुळली, आणि २०११ मध्ये जिन्सने संगणकापुढे बसणाऱ्यांसाठी बिननंबरी चष्मा आणून ज्यांना चष्म्याची गरज नव्हती त्यांनाही गिऱ्हाईक केले. हे सगळे खरे आहे. तरीही मोठ्या आकड्यांचा माल गेला म्हणून गाव गेले नाही. दुसऱ्यांच्या नावाने माल बनवून देणाऱ्या फुकुईच्या कारखानदारांनी २००३ मध्ये २९१ या सामायिक नावाखाली स्वतःचा माल बाजारात आणला, साबाएत चष्म्याचे संग्रहालय उभारले, आणि टायटॅनियमचे काम येणाऱ्या काही घरांनी वैद्यकीय उपकरणांच्या कामाकडे मोर्चा वळवला. एक बाजार गेल्यावर दुसरा शोधण्याची ताकद त्यांच्याकडे होती, कारण कसब त्यांच्या हातात होते. ज्या गावाकडे फक्त जमीन होती आणि तीही गेली, त्याला असा दुसरा डाव मिळत नाही.

तिसरा आक्षेप आजच्या बाजाराचा आहे. भारतीय कंपनी लेन्सकार्टने २०२२ मध्ये ओनडेज या जपानी साखळीतला बहुसंख्य हिस्सा विकत घेतला. नोव्हेंबर २०२५ मध्ये लेन्सकार्टचे समभाग शेअर बाजारात नोंदले गेले. भांडवल आपले, ग्राहक आपला, दुकानेही आपली, मग घडवणारे हात कुठले याची चिंता कशाला? शिवाय या देशाला महागड्या फ्रेमपेक्षा स्वस्त चष्म्याची गरज जास्त आहे. चष्म्यावाचून शिवणाऱ्या, निवडणाऱ्या, वाचणाऱ्या लाखो लोकांना तो परवडला पाहिजे, आणि साखळी दुकानांनी तो सोपा केला असेल तर ते चांगलेच काम आहे. हे मी मनापासून मान्य करतो. पण स्वस्त वस्तूलाही कसब लागते. पातळ, न फुटणाऱ्या काचांसाठी जगभर वापरला जाणारा एमआर मालिकेतला कच्चा माल मित्सुई केमिकल्स या जपानी कंपनीचा आहे. होया आणि निकॉन या जपानी नावांच्या काचा भारतातल्या दुकानांत नित्याच्या झाल्या आहेत. दुकानांची साखळी पैशाने विकत घेता येते. शंभर-सव्वाशे वर्षांत एका गावात साठलेले ज्ञान तसे घेता येत नाही, ते रुजवावे लागते. स्वतः लेन्सकार्टनेही राजस्थानात भिवाडीला मोठा कारखाना उभारला, कारण नुसत्या विक्रीवर धंदा पुढे जात नाही हे तिला कळले. गोव्यात म्हापशाजवळच्या थिवी औद्योगिक वसाहतीत जीकेबी कंपनी काचा बनवते. म्हणजे आपल्या हवेत हे काम होत नाही, असेही नाही.

शेवटचा आक्षेप उघडपणे क्वचित बोलला जातो, पण नियोजनाच्या मुळाशी तोच असतो. भात लावणारा, मीठ काढणारा माणूस बारीक काम कसा शिकणार? त्याचे उत्तर पनवेलच्या शेजारच्याच तालुक्यात आहे. पेणचा गणपती महाराष्ट्रभर आणि परदेशात जातो. शहरात सुरू झालेली ही कला हमरापूर, जोहे अशा भातशेतीच्या गावांत पसरली, आणि आज तिथे घरोघर कारखाने आहेत. कोणी साचा भरतो, कोणी घासतो, कोणी रंग देतो, आणि मूर्तीच्या डोळ्यांची आखणी ज्याच्या हाताला सर्वांत जास्त स्थिरता आहे त्याच्याकडे असते. शिकलेला कारागीर वेगळा होतो, स्वतःचा कारखाना काढतो आणि आपल्या हाताखाली नवी पोरे घेतो. चोबा म्हणतात ते यापेक्षा फार निराळे नाही. पेणचा आणि उरणचा माणूस एकच, माती एकच, पाऊसही एकच. पेणमध्ये उस्ताद होता आणि शिकायला मोकळीक होती, म्हणून भाताच्या गावांतून मूर्तिकार निघाले. खाडीकाठी ही संधी कोणी दिली नाही.

हा प्रश्न जुना झालेला नाही. अटल सेतूच्या या टोकाला उरण, पनवेल आणि पेण तालुक्यांतील १२४ गावांच्या क्षेत्रात आणखी एक नवे शहर आखले जात आहे. पुन्हा सर्वेक्षणे होतील, पुन्हा मोबदल्याचा दर आणि भूखंडाचा टक्का यांवर चर्चा होईल. तो हक्क मिळालाच पाहिजे, पण आता तेवढ्यावर थांबू नये. गावकऱ्यांनी आणि त्यांच्या नेत्यांनी मागणीपत्रात आणखी एक कलम घालावे. जो उद्योग या जमिनीवर येईल त्याने आपले उस्ताद इथे आणावेत, गावातल्या मुलामुलींना पगार देऊन शिकवावे, आणि शिकलेल्यांना स्वतःचा कारखाना काढायला याच वसाहतीत गाळे राखून ठेवावेत. तो उद्योग चष्म्याचा असेल, वैद्यकीय उपकरणांचा असेल किंवा आणखी कशाचा. शोनो गावाने हे १९०५ मध्ये सरकारी योजनेशिवाय केले. आपल्याकडे महामंडळे आहेत, बंदर आहे, विमानतळ आहे आणि पेणचे उदाहरण आहे. एवढे असूनही १२४ गावांच्या हाती पुन्हा नुसता भूखंडच आला, तर तो दोष नशिबाचा नसेल, आपल्या नियोजनाचा असेल.