ऊसभेक

ऊसभेक : भेककुलातील एक विषारी उभयचर प्राणी, शास्त्रीय नाव ऱ्हायनेला मरीना. दक्षिण टेक्सासपासून ॲमेझॉनच्या खोऱ्यापर्यंतचा मुलूख हे त्याचे मूलस्थान होय. उसावरील किडींचा बंदोबस्त व्हावा म्हणून विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात तो पोर्तो रिको, हवाई आणि अखेरीस ऑस्ट्रेलिया येथे नेण्यात आला. लांबी सामान्यतः १० ते १५ सेंमी.; त्वचा कोरडी, खरखरीत व चामखिळींनी भरलेली. डोळ्यांमागून खांद्यांकडे उतरणाऱ्या दोन फुगीर ग्रंथी दाबल्या गेल्या की त्यांतून घट्ट दुधट स्राव पाझरतो. त्यातील द्रव्ये पेशींच्या आवरणातून चालणारी सोडियम व पोटॅशियम यांची देवघेव रोखतात, हृदयाची लय बिघडते आणि भक्षक काही वेळातच दगावतो. अंडी व भैकेरही विषारी असतात. मादी एका वेळी ८,००० ते ३०,००० अंडी लांबलचक बुळबुळीत माळांच्या रूपाने पाण्यात सोडते.

महाराष्ट्रातील ऊसकऱ्याला हुमणीचा उपद्रव निराळा सांगावयास नको. जात वेगळी असली तरी जमिनीखाली राहून उसाची मुळे कुरतडणारी भुंगेऱ्याची तशीच अळी क्वीन्सलंडच्या मळेवाल्यांनाही जेरीस आणीत होती. म्हणून तेथील ऊस-संशोधन खात्याचे कीटकतज्ज्ञ रेजिनाल्ड मंगोमेरी यांनी जून १९३५ मध्ये हवाईतून सुमारे शंभर भेक आणले, आणि त्यांच्या संततीपैकी सुमारे २,४०० पिले त्याच वर्षी ऑगस्टमध्ये गॉर्डनव्हेलच्या परिसरात सोडण्यात आली. वॉल्टर फ्रॉगॅट या वयोवृद्ध कीटकशास्त्रज्ञांनी हा प्राणी पुढे स्वतःच उपद्रव ठरेल असा जाहीर इशारा दिला. १९३५ च्या अखेरीस सरकारने मनाईहुकूमही काढला, परंतु पुढल्याच वर्षी तो उठविण्यात आला. वस्तुतः अळी जमिनीत दडलेली, भुंगेरे झाडांच्या शेंड्याकडे पाला खाणारे आणि भेकाला तर धड चढताही येत नाही, इतका साधा विचार मळ्याच्या बांधावर उभे राहून करता आला असता. तो न झाल्याने उसाची कीड जागच्या जागी राहिली आणि एका खंडाच्या वन्यजीवनावर संकट आले.

हे संकट एवढे दारुण होण्याचे कारण विषाच्या तीव्रतेइतकेच भक्षकांच्या इतिहासातही आहे. आशियात भेककुलातील इतर जाती अनादिकाळापासून नांदत असल्याने येथील घोरपडींच्या शरीरात त्या विषाला दाद न देण्याची शक्ती आढळते, आणि आपल्याकडील धामण भेक निर्धास्त गिळते. ऑस्ट्रेलियात मात्र भेककुलातील एकही मूळ जात नसल्याने तेथील घोरपडींना ही शक्ती उरलेली नाही. ठिपकेदार मोठी घोरपड भेक पोहोचताच पुष्कळ ठिकाणी जवळजवळ नाहीशी झाली. गोड्या पाण्यातील मगरी, निळजिभी सरडे व अनेक सर्प यांचीही हानी झाली. सर्वांत शोचनीय गत झाली ती उत्तरेकडील क्वोल या ठिपकेदार, मांसाहारी शिशुधानी प्राण्याची. भेक २००१ मध्ये काकाडू राष्ट्रीय उद्यानात शिरल्यावर तेथील क्वोल झपाट्याने घटले. म्हणून २००३ मध्ये काही क्वोल भेकरहित बेटांवर हलविण्यात आले. तेथे त्यांची वंशवृद्धी उत्तम झाली, परंतु शत्रूच न उरल्याने सावधपणाही लोपला आणि पुढे मुख्य भूमीवर परत सोडलेल्या वंशजांचा डिंगो कुत्र्यांनी फडशा पाडला. एका चुकीच्या दुरुस्तीला किती मोल पडते हे यावरून दिसावे.

पसरण्याच्या ओघात भेकही बदलला. आघाडीवरचे भेक अधिक लांब पायांचे असल्याचे जीवशास्त्रज्ञ रिचर्ड शाइन व त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखविले. प्रारंभी दरसाल सुमारे १० किमी. असलेली आगेकूच पुढे ५० किमी.हून अधिक झाली. काही स्थानिक प्राण्यांनी मात्र आपापली तोड काढली आहे. वायव्य ऑस्ट्रेलियाच्या किंबर्ली प्रदेशातील रकाली हा पाणउंदीर भेक उताणा करून छातीवर लहानसा, नेमका छेद घेतो, विषारी पित्ताशय बाजूला काढतो आणि हृदय व यकृत तेवढे खातो.

उपायांपैकी पकडून मारण्याचे प्रयत्न प्रचंड जननक्षमतेपुढे तोकडे पडतात. अधिक आशादायक उपाय म्हणजे भक्षकांना आगाऊ शिकविणे : मळमळ आणणारे औषध घातलेले भेकाचे मांस क्वोलांना खाऊ घातले, अथवा भेकांची लाट येण्यापूर्वी अल्पविषारी लहान भेक घोरपडींच्या वाटेवर सोडले, तर त्यांपैकी अनेक जनावरे पुढे मोठ्या भेकाला तोंड लावीत नाहीत. पश्चिमेस किंबर्ली व पिलबरा यांच्या दरम्यान वाळवंट आणि समुद्र यांमधील चिंचोळ्या पट्ट्यात कोरड्या ऋतूत पाणी मिळते ते बहुतांशी गुरांसाठी बांधलेल्या हौदांतच. ते भेकांना शिरता येणार नाही असे बंदिस्त करून आगेकूच थोपविण्याची तजवीज आहे.