पैनगंगाकाठचे डोंगर व त्यांतील पायवाटा

पैनगंगाकाठचे डोंगर व त्यांतील पायवाटा : नांदेड जिल्ह्याच्या उत्तर व ईशान्य भागात हदगाव, हिमायतनगर, किनवट व माहूर या तालुक्यांतून पसरलेला उंचसखल प्रदेश आणि तेथील पायी प्रवासाची परंपरा. अजिंठ्याच्या डोंगरात बुलढाणा जिल्ह्यात उगम पावणारी पैनगंगा या प्रदेशाच्या कडेने वाहते व पुढे वर्धा नदीस मिळते. नदीच्या उत्तरेस यवतमाळ जिल्ह्यातील उमरखेड, पुसद व महागाव यांचा मुलूख आहे. दक्षिणेस हदगावची काळी जमीन हळूहळू चढत जाऊन सागवानी रानाने वेढलेल्या डोंगररांगांत मिसळते. सह्याद्रीसारखे उत्तुंग कडे येथे नाहीत. सपाट माथे, उथळ दऱ्या, ओढ्याकाठची लहान गावे व दोन गावांमधील दीर्घ निर्जन अंतरे, हे या भूमीचे स्वरूप आहे. त्यामुळे हा प्रदेश शिखरे सर करणाऱ्यांपेक्षा सावकाश चालणाऱ्यांचा राहिला आहे.

प्रदेशाचा बराच भाग दख्खनच्या काळ्या पाषाणाचा असून पूर्वेस किनवटच्या बाजूला या पाषाणाचा थर संपत जातो व त्याखालील अधिक प्राचीन खडक उघडे पडतात. इस्लापूरजवळील सहस्रकुंड येथे पैनगंगा काळ्या खडकांच्या पायऱ्यांवरून अनेक धारांनी कोसळते. किनवट तालुक्यातील उनकेश्वर येथे उष्ण पाण्याचे झरे आहेत. तेथे यादवकालीन मराठी शिलालेख असून इतक्या आडबाजूच्या स्थळीही तेराव्या शतकात लोकांचा राबता होता, याची तो साक्ष देतो.

येथील सर्वांत जुन्या वाटा तीर्थयात्रेच्या होत. साडेतीन शक्तिपीठांपैकी एक मानले जाणारे रेणुकेचे स्थान, दत्तशिखर व अनसूया ही तीन देवस्थाने माहूरच्या तीन डोंगरांवर आहेत. गावाजवळील पांडवलेणे या नावाने ओळखली जाणारी कोरीव लेणी त्यांहूनही प्राचीन काळाकडे निर्देश करतात. दत्तात्रेय निद्रेस माहूरला येतो, स्नान काशीस करतो व भिक्षेस कोल्हापूरला जातो, अशी परंपरागत श्रद्धा आहे. येथील दैवतच नित्य भ्रमण करणारे असल्याने त्याच्या भक्तांनीही पायी चालण्यालाच उपासना मानावे, हे स्वाभाविक होते. श्रावण पौर्णिमेस होणारी माहूरची परिक्रमा आजही पायीच केली जाते.

महानुभाव पंथाने या भ्रमणास शिस्त दिली. पंथाच्या परंपरेनुसार चक्रपाणी यांना माहूर येथेच दत्तात्रेयांचे दर्शन घडले. चक्रधरांनी तेराव्या शतकात महाराष्ट्रभर केलेल्या परिभ्रमणाच्या आठवणी म्हाइंभटांनी लीळाचरित्रात संग्रहित केल्या. पुढील पिढ्यांतील अनुयायांना ती स्थाने शोधून काढता यावीत, म्हणून स्थानपोथी हा ग्रंथ रचला गेला. कोणते स्थान गावाच्या कोणत्या दिशेस आहे, देवळाचे दार कोठे आहे, एका स्थानापासून दुसरे कसे गाठावे, याचा तपशील तीत आढळतो. धर्मग्रंथ म्हणून ती लिहिली गेली. परंतु प्रदेश पायांखाली घालून, प्रत्यक्ष पाहून केलेले वर्णन या दृष्टीने ती मराठीतील मार्गवर्णनाचा आद्य नमुना ठरते.

यात्रेकरूंच्या वाटांवरूनच सैन्येही गेली. बहमनी राज्यात महमूद गावानने केलेल्या प्रांतविभागणीत वऱ्हाडचे गाविल व माहूर असे दोन भाग पडले. मोगल काळात माहूर हे वऱ्हाड सुभ्यातील एक सरकार होते. शाहजहानने जहांगीराविरुद्ध बंड केले तेव्हा १६२३ मध्ये त्याने आपले जड सामान माहूरच्या किल्ल्यात उदाजीरामाच्या हवाली ठेवले होते. किल्ल्यास तीन बाजूंनी पैनगंगेचा वेढा असल्याने वाट अडविणे सोपे व शोधणे अवघड होते. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी नोवसाजी नाईकाच्या नेतृत्वाखाली हटकरांनी जो उठाव केला, त्यालाही या दुर्गम मुलुखाचे पाठबळ होते. जानेवारी १८१९ मध्ये निजामाच्या फौजेने इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली नोव्हा येथील गढीस वेढा घालून तो मोडून काढला.

त्याच सुमारास निराळ्या प्रकारचे पांथस्थ येऊ लागले. विल्यम लॅम्टन याने दक्षिणेतून सुरू केलेली रेखावृत्ताची महामोजणी बीदरकडून वऱ्हाडच्या दिशेने सरकत होती. डोंगरमाथ्यांवर खुणा उभारणे, अवजड उपकरणे वर चढविणे व कोन मोजणे, ही सारी कामे पायपिटीची होती. वृद्ध लॅम्टन हैदराबादहून नागपूरकडे जात असता २० जानेवारी १८२३ रोजी हिंगणघाट येथे मरण पावला. विसाव्या शतकात मानवशास्त्रज्ञ क्रिस्टॉफ फॉन फ्यूरर-हायमेनडॉर्फ याने १९४१ पासून आदिलाबाद जिल्ह्यातील राजगोंडांचा अभ्यास केला. किनवट तालुका त्या वेळी आदिलाबाद जिल्ह्यातच होता. १९४८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या ग्रंथात गोंडांची कुळे, दैवते व शेती यांचे सविस्तर वर्णन आहे.

तथापि या वाटा बाहेरून आलेल्या संशोधकांनी शोधल्या, असे म्हणता येत नाही. त्या गोंड, कोलाम, आंध व बंजारा यांच्या पावलांनी पडल्या. दिवाळीच्या सुमारास गोंडांची दंडारी पथके एका गावाहून दुसऱ्या गावी नाचत जातात. यजमान गाव पाहुण्यांचा सत्कार करते व सोयरिकीचे संबंध दृढ होतात. बंजाऱ्यांचे तांडे रेल्वे येण्यापूर्वी बैलांच्या पाठीवर धान्य व मीठ लादून याच मुलुखातून ये-जा करीत. मोजणीदारास वाट दाखविणारा गावकरीच असे. त्याचे नाव मात्र नकाशावर उमटले नाही.

१८५३ मध्ये वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात गेल्यावर पैनगंगा ही दोन राज्यांची सीमा बनली. भाषा, नाती व बाजार दोन्ही तीरांवर एकच असताना सत्ता मात्र भिन्न होती. या विसंगतीचा उपयोग हैदराबाद मुक्तिसंग्रामात (१९४७-४८) झाला. हदगावपासून जवळच, नदीपलीकडे असलेल्या उमरखेड येथे कार्यकर्त्यांचे केंद्र होते. नदीचे उतार व रानातील पाऊलवाटा ठाऊक असणे, हे त्या काळी जिवाच्या मोलाचे ज्ञान ठरले. १७ सप्टेंबर १९४८ रोजी निजामाची राजवट संपली. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत किनवटचा भाग आदिलाबादमधून नांदेड जिल्ह्यात आला आणि नदीच्या दोन्ही काठांवरील मराठी मुलूख एका राज्यात सामावला.

इंग्लंडमधील उंच माळरानांशी या प्रदेशाची तुलना उद्‌बोधक आहे. तेथे खाजगी शिकाररानांनी अडविलेल्या डोंगरांवर चालण्याचा हक्क मिळविण्यासाठी कामगार तरुणांनी २४ एप्रिल १९३२ रोजी किंडर स्काउट पठारावर सामुदायिक प्रवेश केला व काहींना तुरुंगवास घडला. पुढे १९४९ चा राष्ट्रीय उद्यानांविषयीचा कायदा झाला आणि १९६५ मध्ये पेनाइन मार्ग हा दीर्घ पदपथ खुला झाला. तेथे पायवाट हा नोंदलेला सार्वजनिक हक्क आहे. महाराष्ट्रात महसूल अधिनियम, १९६६ च्या कलम १४३ अन्वये शेताच्या बांधावरून जाण्याचा मार्ग तहसीलदार देऊ शकतो. परंतु तो शेतकऱ्यास आपल्या शेतात पोहोचता यावे यासाठी आहे, वाटसरूसाठी नव्हे. यात्रेच्या, तांड्यांच्या व दंडारीच्या वाटा बव्हंशी रूढीवरच टिकून आहेत. पाणंद नांगरली गेली किंवा पक्की सडक दुसरीकडून निघाली, की अशी वाट एका पिढीत पुसली जाते.

या भूमीतील मार्गांचे महत्त्व माणसापुरते मर्यादित नाही. २०१९ मध्ये टिपेश्वर अभयारण्यातून निघालेला एक तरुण वाघ महाराष्ट्र व तेलंगण यांतील अनेक जिल्हे ओलांडून सु. १,३०० किमी. चालत बुलढाण्यातील ज्ञानगंगा अभयारण्यात पोहोचला. त्याच्या गळ्यातील रेडिओपट्ट्यामुळे हा प्रवास नोंदला गेला. पैनगंगाकाठची राने, ओढे व झुडपांचे पट्टे अद्याप काही प्रमाणात एकमेकांस जोडलेले आहेत, हे त्यावरून सिद्ध झाले. माहूरचा यात्रेकरू, नदी ओलांडणारा स्वातंत्र्यसैनिक व हा वाघ यांना वाट देणारी भूमी एकच आहे. तिच्यातील पायवाटांची गाववार नोंद करणे हे स्थानिक इतिहासाचे एक निकडीचे कार्य होय. कारण त्या वाटा जाणणारी वृद्ध माणसे हेच आज तिचे मुख्य साधन आहे.