मोड नसलेली वस्तू



इतिहास म्हटला की राजेरजवाड्यांच्या वंशावळी आणि लढायांच्या सनावळ्या आपल्या डोळ्यांपुढे उभ्या राहतात. आज मला सांगावयाचा आहे तो इतिहास घरातल्या भांड्याकुंड्यांचा आहे. आणि त्याचे शेवटचे प्रकरण आपल्या देहात लिहिले जात आहे.

जुन्या गृहिणींच्या बोलण्यात 'मोड' हा शब्द वारंवार येई. पितळेचा हंडा चिरला, तांब्याचा बंब गळू लागला, की कासाराकडे नेऊन त्याची मोड घ्यावयाची. म्हणजे वजनावर पैसे, नाही तर भर घालून नवे भांडे. मातीच्या माठाला मोड नसे. पण तो फुटला तर मातीतच मिळे. केळीच्या पानावर पंगत उठली की पान गाईपुढे किंवा उकिरड्यावर जाई. एकूण काय, घरातल्या प्रत्येक वस्तूची अखेर ठरलेली होती: मोड, नाही तर माती. गेल्या शतकात माणसाने अशी एक वस्तू घडविली, की जिला ह्या दोन्ही वाटा फारशा मोकळ्या नाहीत. ती संपत नाही. नुसती बारीक होत जाते. ती वस्तू म्हणजे प्लॅस्टिक.

तिचा जन्म काही पापबुद्धीतून झालेला नाही. एकोणिसाव्या शतकात हस्तिदंत महाग झाले, तेव्हा त्याला पर्याय म्हणून सेल्युलॉइड पुढे आले. दादासाहेब फाळक्यांनी 1913 साली 'राजा हरिश्चंद्र' लोकांना दाखविला, तो ह्याच सेल्युलॉइडच्या पट्टीवर. 1907 साली लिओ बेकलँड ह्या बेल्जियममध्ये जन्मलेल्या रसायनशास्त्रज्ञाने अमेरिकेत बेकेलाइट तयार केले. निसर्गातला कोणताही तयार धागा किंवा डिंक न घेता बनविलेले हे पहिले प्लॅस्टिक. 1933 साली इंग्लंडमधील एका प्रयोगशाळेत दुसराच प्रयोग चालू असता भांड्यात मेणासारखा पांढरा पदार्थ सापडला. तेच आजच्या पिशवीचे पॉलिथिन. 1957 साली आपल्या देशात पॉलिस्टायरिनचे उत्पादन सुरू झाले आणि मग बादली, कंगवा, डबा अशा पायऱ्यांनी ही पाहुणी स्वयंपाकघरापर्यंत आली. कापूस पिकविणाऱ्या ह्या खानदेशातही सुती सदरा मागे पडून टेरिलीनचा सदरा प्रतिष्ठेचा झाला.

आणि खानदेशाने तर ह्या पाहुणीला घरजावयाचा मान दिला. जळगावी 1980 साली भवरलाल जैन ह्यांच्या कारखान्यात पी.व्ही.सी.च्या नळ्या निघू लागल्या. पुढे त्या दशकाच्या अखेरीस ठिबक सिंचन आले. यावल-रावेरपासून मुक्ताईनगरपर्यंतच्या केळीच्या मळ्यांत आज जमिनीवर ज्या काळ्या नळ्या दिसतात, त्यांनी पाणी वाचविले, हे नाकारणे कृतघ्नपणाचे होईल. जळगावची प्लॅस्टिकची चटई तर देशभर गेली. आणि तिच्यात जुने प्लॅस्टिक वितळवून वापरतात, म्हणजे ह्या वस्तूलाही थोडी मोड आहे. पण प्रत्येक वितळणीबरोबर तिचा कस उतरतो; आणि पातळ पिशवी तर भंगारवालाही उचलीत नाही.

तिचे पुढे काय होते? आपला उन्हाळा ह्या प्रश्नाचे उत्तर देतो. भुसावळ-जळगावकडे पारा पंचेचाळिसाच्या घरात जातो, हे आपणांस सांगावयास नको. त्या उन्हातील अतिनील किरण प्लॅस्टिकच्या लांबच लांब रेणुसाखळ्या तोडतात. अंगणातली बादली दोन उन्हाळ्यांत पांढरी पडते, बोट लावताच तिचा टवका उडतो. त्या टवक्याचा तुकडा होतो, तुकड्याची कणी, कणीची धूळ. पाच मिलिमीटरपेक्षा लहान अशा कणांना सूक्ष्मप्लॅस्टिक म्हणतात. कपडे धुताना सुटणारे पॉलिएस्टरचे तंतू आणि रस्त्यावर झिजणाऱ्या टायरांची धूळ ह्याच कुळातली.

शास्त्रज्ञांना ह्याचा पत्ता लागला तो प्रथम समुद्रात. 1972 साली अटलांटिकमधील सारगासो समुद्राच्या पृष्ठभागावर प्लॅस्टिकचे कण तरंगत असल्याचे दोन अमेरिकन संशोधकांनी प्रसिद्ध केले. 2004 साली इंग्लंडमधील प्लिमथचे रिचर्ड थॉम्पसन ह्यांनी किनाऱ्यावरच्या वाळूत हे कण दाखविले, आणि आणखी एक मौजेची गोष्ट केली. समुद्रातील सूक्ष्म जीवांचे नमुने 1960 नंतरच्या दशकापासून जतन करून ठेवलेले होते. ते त्यांनी पुन्हा तपासले. जुन्या नमुन्यांत कण थोडे, नव्यांत अधिक! इतिहासकाराला जशी दप्तरे, तशी शास्त्रज्ञाला ही दप्तरे उपयोगी पडली.

त्यानंतर शोध माणसाकडे वळला. व्हिएन्नातील संशोधकांनी आठ जणांच्या विष्ठेत हे कण असल्याचे 2018 साली जाहीर केले. 2021 साली इटलीत सहा वारा तपासल्या, त्यांतील चारांत कण आढळले. म्हणजे मूल जन्मण्यापूर्वीच ही वस्तू त्याच्या उंबरठ्याशी येऊन उभी होती. 2022 साली अॅमस्टरडॅममध्ये बावीस रक्तदात्यांपैकी सतरांच्या रक्तात प्लॅस्टिकचा अंश सापडला. त्याच वर्षी फुप्फुसात आणि आईच्या दुधातही तो सापडल्याचे प्रसिद्ध झाले.

पण सापडणे निराळे आणि अपाय करणे निराळे. ह्या दुसऱ्या प्रश्नावरचे एक महत्त्वाचे काम 2024 साली इटलीतून आले. मानेतील रक्तवाहिनीत साचलेला थर शस्त्रक्रियेने काढलेल्या 257 रुग्णांवर सुमारे तीन वर्षे लक्ष ठेवले. त्यांपैकी 150 जणांच्या थरात पॉलिथिन होते, 107 जणांच्या थरात नव्हते. पुढे हृदयविकाराचा झटका, पक्षाघात किंवा मृत्यू ओढवला तो पहिल्या गटातील तिसांवर, आणि दुसऱ्यातील आठांवर. शंभरात वीस आणि शंभरात साडेसात, असा हा फरक. हे वाचून कोणाच्याही काळजात चर्र होईल. तरी ते संशोधक स्वतःच बजावतात की ह्यावरून प्लॅस्टिक हेच कारण असे सिद्ध होत नाही. दोन्ही गटांच्या राहणीत दुसरेही भेद असू शकतात. मेंदूत प्लॅस्टिक सापडल्याचे 2025 साली प्रसिद्ध झाले, तेव्हा इतर रसायनज्ञांनी हरकत घेतली: नमुना तापवून मोजण्याच्या ह्या पद्धतीत शरीरातली चरबीही पॉलिथिनसारखीच भासते. हरकत खोटी नाही. जागतिक आरोग्य संघटनेनेही 2019 आणि 2022 च्या अहवालांत पुरावा अपुरा असल्याचे म्हटले, आणि त्याच दमात प्लॅस्टिकचा प्रसार आवरण्याचा सल्लाही दिला.

मग पुरावा पुरा होईपर्यंत आपण स्वस्थ बसावयाचे काय? येथे इतिहासाची साक्ष काढली पाहिजे. 1964-65 च्या सुमारास दिल्लीकरांच्या शरीरातील चरबी तपासली, तेव्हा तीत डी.डी.टी. मोठ्या प्रमाणावर निघाले. हिवतापाशी लढताना ज्या औषधाने असंख्य प्राण वाचविले, तेच देहात मुक्कामाला आले होते. दुसरी गोष्ट 1974 सालची. ज्या वायूपासून पी.व्ही.सी. करतात, त्याने यकृताचा एक दुर्मिळ कर्करोग होतो, हे अमेरिकेतील लुईव्हिलच्या कारखान्यात उघडकीस आले. आणि ते उघडकीस आले कामगारांच्या मृत्यूंनी. आपल्या कापसाचेच पाहा. कापूस निसर्गाचा, पण गिरणीत वर्षानुवर्षे त्याची धूळ ओढणाऱ्या कामगाराची छाती सोमवारी, सुट्टीनंतरच्या पहिल्या पाळीला भरून येते. ह्या रोगाला बिसिनोसिस म्हणतात. नायलॉनचे बारीक तंतू कातरणाऱ्या कारखान्यांतील कामगारांच्या फुप्फुसांचा विकारही 1990 नंतरच्या दशकात अमेरिका-कॅनडात ओळखला गेला.

ह्या सर्व कथांतून एकच सूत्र निघते. धुळीचे दुखणे प्रथम त्याला कळते, जो ती सर्वांत अधिक ओढतो. आणि त्याचे बोलणे मात्र सर्वांत शेवटी ऐकले जाते. म्हणून माझे म्हणणे असे, की सूक्ष्मप्लॅस्टिकची काळजी करावयाची तर ती आपल्या ताटापासून नव्हे, जुने प्लॅस्टिक निवडणाऱ्या, दळणाऱ्या, वितळविणाऱ्या हातांपासून सुरू करावी. त्यांच्या तोंडाला फडके की योग्य मुखपट्टी, शेडमधली हवा खेळती की कोंडलेली, दरसाल छातीची तपासणी होते की नाही, ह्या प्रश्नांसाठी व्हिएन्नाच्या प्रयोगशाळेची वाट पाहण्याचे कारण नाही.

आणि घरी? कायदे झाले. मुंबई 26 जुलै 2005 ला बुडाली, तेव्हा तुंबलेल्या गटारांतील पिशव्यांकडे सर्वांचे लक्ष गेले. राज्याने 2006 साली कायदा केला, 2018 साली बंदी घातली. 1 जुलै 2022 पासून देशभर काही एकदाच वापरावयाच्या वस्तू बंद झाल्या. तरी उकळता चहा आणि तर्रीदार शेवभाजी पातळ पिशवीत गाठ मारून आजही नेली जाते. उष्णता, तेल आणि पातळ प्लॅस्टिक ह्यांची गाठ पडली की कण आणि रसायने अन्नात अधिक उतरतात; हे टाळण्यास घरातून एक डबा नेण्यापलीकडे काही लागत नाही.

येथून जवळच चांगदेवाला तापी आणि पूर्णा मिळतात, आणि पुढे हतनूरचे धरण ते पाणी अडविते. पावसाळा ओसरला की काठाच्या बाभळींना लटकलेल्या पिशव्या आपण सर्वांनीच पाहिल्या आहेत. उन्हाळ्यात त्यांच्या चिंध्या होतात आणि पुढच्या पुराला दिसेनाशा होतात. दिसेनाशा होतात, एवढेच! आपल्या आजीने फुटका हंडा कधी नदीत टाकला नाही. कारण त्याची मोड येते हे तिला ठाऊक होते. ह्या वस्तूची मोड कोण देतो, हा प्रश्न आपण घेताना विचारला नाही. आता तो विचारावयास हवा. कारण आजवर तिची मोड आपल्या देहातच जमा होत आली आहे.