कॉम्रेड

मुलुंड-भांडुपच्या कारखान्यांबाहेरच्या गेट-मीटिंगांत हा शब्द कानी पडतोच. लॅटिनमध्ये ‘कामेरा’ म्हणजे कमानदार छताची खोली. त्यावरून स्पॅनिश ‘कामारादा’, म्हणजे एका खोलीत राहणारे सोबती. फ्रेंचमधून तो इंग्रजीत आणि तिथून आपल्याकडे आला. फोटोचा कॅमेराही याच घरचा. गिरणगावात पाळीपाळीने एकाच खोलीत झोपणाऱ्या कामगारांना ही व्युत्पत्ती वेगळी समजावायला नको होती.

याच अर्थाचा चिनी शब्द मात्र खोलीतून नव्हे, मनातून निघतो. ‘तोंगझी’ म्हणजे समान ध्येयाचे. राष्ट्रवादी नेते सुन यत-सेन यांच्या १९२५च्या मृत्युपत्रात तो आहे, म्हणजे तो एकट्या कम्युनिस्टांचा नव्हता. १९४९च्या क्रांतीनंतर दुकानदारापासून कंडक्टरपर्यंत सगळेच तोंगझी झाले. आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८मध्ये चीनला गेले, १९४२मध्ये तिथल्या कम्युनिस्ट पक्षाचे सभासद झाले आणि त्याच वर्षी वारले. हा शब्द त्यांनी जगून कमावला.

चीनमध्ये पक्षाच्या बैठकांत तोंगझी आजही चालतो. बाहेर समलिंगी तरुणांनी तो स्वतःसाठी घेतला आहे. मराठीत ‘कॉम्रेड’चं ‘कॉ.’ झालं. कॉ. डांगे, कॉ. अहिल्या रांगणेकर. श्री., सौ. की कुमारी ही चौकशीच नाही, हे मला फार मोलाचं वाटतं. युनियनच्या फलकांवर आजही नावाआधी ‘कॉ.’च लिहितात.