४०८ तास आधी

खाली दिलेले तास 'अत्तारिंटिकी दारेदी' या तेलुगू चित्रपटाच्या ठरलेल्या प्रदर्शनापासून, म्हणजे बुधवार, ९ ऑक्टोबर २०१३ पासून उलटे मोजले आहेत. हिशेब दिवसांचा आहे, मिनिटांचा नाही. घड्याळ मध्येच बदलतं. ते का, हे पुढे येईलच.

१७०४ तास आधी : मंगळवार, ३० जुलै

दिल्लीत काँग्रेस कार्यकारिणीने वेगळ्या तेलंगणाचा ठराव केला आणि इकडे सीमांध्र, म्हणजे तेलंगणाबाहेरचा आंध्र, पेटलं. बंद, रास्ता रोको, थिएटरांना टाळी. चिरंजीवी तेव्हा केंद्रात काँग्रेसचे मंत्री होते. साहजिकच त्यांच्या घरातल्या नटांच्या पिक्चरवर आंदोलकांचा राग निघणार होता. मुलगा राम चरण याचा 'येवडू' दुसऱ्याच दिवशी लागायचा होता. तो लागला थेट जानेवारी २०१४ मध्ये.

१५१२ तास आधी : बुधवार, ७ ऑगस्ट

चिरंजीवींचा धाकटा भाऊ पवन कल्याण याचा 'अत्तारिंटिकी दारेदी' खरं तर या दिवशी यायचा. लेखक-दिग्दर्शक त्रिविक्रम श्रीनिवास, संगीत देवी श्री प्रसाद, निर्माते बी. व्ही. एस. एन. प्रसाद. गोष्ट घरगुती. मिलानमधल्या धनाढ्य आजोबांची मुलगी रागावून दुरावलेली असते, तिला परत आणायला नातू हैदराबादला ड्रायव्हर बनून येतो. असा पिक्चर आंध्रात दिवाळी नसतानाही दिवाळी करतो. पण तारीख पुढे ढकलली गेली आणि माल डब्यात पडून राहिला.

तयार पिक्चर पडून राहणं म्हणजे लग्न पुढे गेलेल्या घरातले दागिने. येईल त्याला काढून दाखवावेसे वाटतात. त्यातून सिनेमाची प्रत कधीच एकटी नसते. एक संकलकाकडे, एक डबिंगला, एक पार्श्वसंगीताला, एक दृश्य-परिणामांचं काम करणाऱ्यांकडे, एक सेन्सॉरला. आठ-दहा हातांतून फिरल्याशिवाय पिक्चर पुरा होत नाही. काम संपलं की या प्रती परत आल्या का, पुसल्या का, हे विचारायची पद्धत मात्र आपल्या धंद्यात नाही. विचारलं तर समोरच्याला अविश्वास वाटतो!

नक्की तास सांगता येत नाही

पुढे कृष्णा जिल्ह्याच्या पोलिसांनी जी साखळी मांडली तिच्यात ना कुणी हॅकर होता, ना परदेशातला सर्व्हर. प्रॉडक्शनमध्ये काम केलेल्या एका साहाय्यकाकडे प्रत होती. ती त्याच्या ओळखीच्या एका पोलीस शिपायाकडे गेली, तिथून मित्राकडे, मित्राच्या मित्राकडे. म्हणजे ही चोरी दरोड्यासारखी झालीच नाही, मैत्रीखात्यात झाली. 'तू बघ फक्त, पुढे देऊ नको' हे वाक्य कुणी उच्चारलं की नाही ते मला माहीत नाही, पण हे वाक्य न ऐकलेला माणूस या देशात सापडायचा नाही.

४०८ तास आधी : रविवार, २२ सप्टेंबर

साधारण ९० मिनिटांचा पिक्चर, म्हणजे जवळपास अख्खा पूर्वार्ध, इंटरनेटवर आला. प्रदर्शनाला १७ दिवस होते.

इंटरनेट हा या गोष्टीतला निम्माच भाग. उरलेला निम्मा मच्छलीपट्टणमजवळच्या पेडना या गावात घडला. कलमकारीच्या ठशांचं कापड जिथून येतं, तेच हे गाव. तिथल्या एका दुकानात याच पिक्चरच्या सीडी ५० रुपयांना विकल्या गेल्याचं उघड झालं. हे दुकान कसं असेल हे मराठी वाचकाला समजावून सांगायची गरज नाही. त्या वर्षांत आपल्याही प्रत्येक तालुक्याच्या एसटी स्टँडसमोर तसं एक होतं. बाहेर रिचार्जचे बोर्ड, आत काचेच्या काउंटरवर एक कॉम्प्युटर, त्याला लोंबणारा कार्ड रीडर, आणि 'चार जीबी भरून दे' म्हणून मेमरी कार्ड पुढे करणारं गिऱ्हाईक. गाणी इतकी, पिक्चर इतके, असा ठोक भाव. दुकानदाराला आपण चोर आहोत असं वाटत नसे. गिऱ्हाइकाला तर नसेच. शहरातल्या संपादकीयांत पायरसी म्हटलं की अंधाऱ्या खोलीतल्या टोळ्या येतात. गावात ती उजेडात, पावती न देता, शेजाऱ्याकडून होत असे.

आणि हेही खरं की त्या गिऱ्हाइकाला दुसरी वाटच नव्हती. २०१३ साली हॉटस्टार नव्हतं, नेटफ्लिक्स आणि प्राइम भारतात यायला अजून तीन वर्षं होती, तेलुगूचं 'आहा' २०२० चं. बंदमुळे थिएटर कधी उघडं, कधी नाही. पैसे देऊन बघतो म्हणणाऱ्यानं पैसे द्यायचे कुणाला?

३८४ तास आधी, की ९६?

सोमवार, २३ सप्टेंबर. इथे घड्याळ बदललं.

निर्मात्यापुढे दोनच मार्ग होते. पोलीस, तक्रारी, लिंक काढून टाकण्याच्या नोटिसा हे सगळं करत ९ ऑक्टोबरची वाट बघायची, किंवा पिक्चरच आधी आणायचा. पहिला मार्ग रीतसर होता, पण त्यात ५० रुपयांच्या सीडीला आणखी १६ दिवस मोकळं रान मिळत होतं. प्रदर्शन शुक्रवार, २७ सप्टेंबरवर आणलं गेलं. जिथे १६ दिवस होते तिथे आता चार.

याची किंमत बाहेरच्याला कळत नाही. थिएटरं दोन आठवडे आधी ठरवलेली असतात, तिथे दुसऱ्यांचे खेळ लागलेले असतात. परदेशात प्रती पोचवायच्या असतात. वितरकाने पैसे ९ तारखेच्या हिशेबाने जमवलेले असतात. हे सगळं चार दिवसांत उलटंपालटं करायचं, तेही अर्ध्या राज्यात आंदोलन चालू असताना. पवन कल्याणच्या चाहत्यांनी तेवढ्यात लिंक शोधून कळवायचा सपाटा लावला. भाविक चाहते एरवी कटआउटवर दूध ओततात म्हणून हसणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

४८ तास

एव्हाना पोलिसांच्या हाताला पेडनाच्या दुकानापासून मागे जाणारा धागा लागला होता. त्याच आठवड्यात अटका झाल्या. तपास जलद झाला, कारण साखळीतले सगळे एकमेकांना नावाने ओळखत होते. पिक्चर ज्या मैत्रीने फुटला त्याच मैत्रीने पकडूनही दिला.

० : शुक्रवार, २७ सप्टेंबर

पिक्चर लागला आणि धो धो चालला. त्या काळातल्या सर्वांत मोठ्या तेलुगू यशांत त्याची गणना होते. फुटला होता तो फक्त पूर्वार्ध. रेल्वे स्टेशनवर आत्यासमोर भाचा मन मोकळं करतो तो शेवट थिएटरातच बघायला मिळणार होता. माझ्या मते या अर्धवटपणानेच पिक्चर वाचवला, तारीख आधी आणण्याच्या धोरणाने त्याला हात दिला. पुढे यशाच्या समारंभात पवन कल्याणने ही नुसती पायरसी नव्हे, कट होता, असं जाहीर बोलून दाखवलं.

प्रदर्शनानंतर

या गोष्टीचा एक चुकीचा अर्थ निर्माते-प्रेक्षक दोघंही काढतात : पिक्चर चांगला असेल तर पायरसीने काही होत नाही. दाखल्याला 'सैराट' असतोच. २९ एप्रिल २०१६ ला तो लागला, काही दिवसांत सेन्सॉरला गेलेली प्रत फोनाफोनांत फिरू लागली, तरी तो शंभर कोटींच्या घरात गेला. हे दाखले वाचलेल्यांचे आहेत. पवन कल्याणकडे तारीख चार दिवसांवर आणण्याची ताकद होती. मल्टिप्लेक्समध्ये दुपारचा एक खेळ मिळवायला महिनाभर फोन करणाऱ्या मराठी निर्मात्याकडे ती नाही.

त्याच्यासाठी कायदा आहे. २०२३ च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्तीने थिएटरात चोरून चित्रीकरण करणं आणि चोरीचा पिक्चर दाखवणं हा किमान तीन महिने ते तीन वर्षं कैदेचा गुन्हा ठरला. दंड किमान ३ लाख, कमाल निर्मितिखर्चाच्या ५ टक्के. २०२४ साली तिरुवनंतपुरमच्या एका थिएटरात खुर्चीच्या कप ठेवायच्या खोबणीत फोन ठेवून 'रायन' हा पिक्चर टिपणारा माणूस रंगेहाथ सापडला. शिवाय केंद्राने नेमलेल्या १२ अधिकाऱ्यांकडे तक्रार केली की ४८ तासांत लिंक काढायची, अशी व्यवस्था झाली.

आता हे ४८ तास मांडून बघा. शुक्रवारी सकाळी नऊचा पहिला खेळ. दुपारपर्यंत पिक्चर टेलिग्रामवर. कुणीतरी निर्मात्याला स्क्रीनशॉट पाठवतो, तोवर संध्याकाळ. कागदपत्रं जोडून तक्रार रात्री. ४८ तास म्हणजे रविवारची रात्र. सोमवारी कुठला खेळ ठेवायचा आणि कुठला काढायचा हे थिएटरवाल्याने तेव्हा ठरवून टाकलेलं असतं.

म्हणून आपल्या मराठी निर्मात्यांना दोन गोष्टी सांगायच्या आहेत. कुठली प्रत कुणाला दिली याची वही ठेवा आणि प्रत्येक प्रतीवर घेणाऱ्याचं नाव उमटवा, मग तो घरचा माणूस का असेना. आणि पिक्चर थिएटरातून उतरला की तो कायदेशीर कुठे, कधी, कितीला बघायला मिळेल हे शुक्रवारीच पोस्टरवर छापा. अमेरिकेतल्या, आखातातल्या, गडचिरोलीतल्या मराठी माणसाला आज अनेक मराठी पिक्चर पैसे मोजायची तयारी असूनही मिळत नाहीत, टेलिग्रामवर मात्र मिळतात.