नकाशावरची रेघ आणि कुळाचे नाव

मालवण तालुक्यातील धामापूरचा तलाव विजयनगरचे मांडलिक नागेश देसाई यांनी १५३० साली बांधला, असे सांगितले जाते. काठावर भगवतीचे देऊळ आहे. २०२० मध्ये आंतरराष्ट्रीय सिंचन व निचरा आयोगाने या तलावाला जागतिक वारसा सिंचनवास्तूंच्या यादीत स्थान दिले, तेव्हा देसाईंचे नाव पुन्हा एकदा सर्वत्र छापून आले. ते योग्यच झाले. पण तलाव म्हणजे केवळ बांध नव्हे, त्या पाण्यावर भिजणारी जमीनही त्याचाच भाग. ती जमीन ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या कसली त्यांची नावे कोणत्या इतिहासात शोधायची? हा प्रश्न भावुक वाटेल. परंतु सरकार रस्त्यासाठी, नगरासाठी किंवा विकास आराखड्यासाठी जमीन मागू लागते तेव्हा तोच रोकडा होतो: नोटीस कोणाला, मोबदला कोणाला?

सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ रोजी झाला. मालवण त्याआधी रत्नागिरी जिल्ह्यात होते. त्या जुन्या जिल्ह्यात एकाच शेतावर अनेकांचे हक्क एकावर एक रचलेले असत. कोठे सरकारला सारा पोचवणारा खोत, कोठे स्वतःच्या नावावर सारा भरणारा धारेकरी, त्याखाली खंड देणारे कूळ, आणि कोठे निम्मे पीक देऊन राबणारा अर्धेली. १८८० च्या खोती कायद्याने या थरांना लेखी रूप दिले. १७ सप्टेंबर १९३७ रोजी डॉ. आंबेडकरांनी मुंबई विधानसभेत खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले, पण खोती गेली ती १९४९ च्या कायद्याने. आपल्या साहित्यानेही या थरांकडे बहुधा वरून पाहिले, असे मला वाटते. श्री. ना. पेंडशांच्या १९८७ च्या महाकादंबरीचे नावच ‘तुंबाडचे खोत’ आहे. ‘तुंबाडची कुळे’ कोणी लिहिली नाही.

स्वातंत्र्यानंतर १९४८ चा कूळकायदा आला आणि पुढच्या दुरुस्तीनुसार १ एप्रिल १९५७ हा ‘कृषकदिन’ ठरला. त्या दिवशी कूळ जमिनीचा मालक झाले, असे आपण सरधोपटपणे म्हणतो. मात्र याच कायद्याच्या पोटात दोन अपवाद आहेत आणि त्यांची चर्चा फारशी होत नाही. कलम ४३-सी प्रमाणे महानगरपालिका, नगरपालिका आणि छावणी यांच्या हद्दीत, तसेच १९५४ च्या नगररचना कायद्याखालील योजनेत आलेल्या क्षेत्रात, सक्तीच्या खरेदीची कलमे लागू होत नाहीत. कुळाने आधी मिळवलेले हक्क मात्र राखले जातात. दुसरा अपवाद कलम ८८ चा. शासनाने बिगरशेती किंवा औद्योगिक विकासासाठी राखून ठेवलेले क्षेत्र राजपत्रात जाहीर केले, की तेथे कूळकायद्याचा मोठा भाग थांबतो. म्हणजे गावाच्या अलीकडे नांगर धरणारा मालक होऊ शकतो, आणि रेघेपलीकडे तोच नांगर, तोच खंड असूनही तो कूळच राहतो. ती रेघ आखली जाताना त्याला कोणी विचारलेले नसते.

नगररचना योजनेची रीतही पाहण्यासारखी आहे. १९१५ च्या मुंबई नगररचना कायद्यापासून चालत आलेली ही पद्धत जमीन सरसकट काढून घेत नाही. वेड्यावाकड्या मूळ भूखंडांची गोळाबेरीज करून, रस्ते आणि मोकळ्या जागा काढून, उरलेले आखीव ‘अंतिम भूखंड’ मालकांना परत दिले जातात. मूळ भूखंडावरचा जो हक्क नव्या भूखंडावर नेता येईल तो न्यायचा, नेता येणार नाही तो संपवायचा. शेतीच्या पट्ट्यासाठी मात्र खास अट आहे: सर्व पक्षांच्या संमतीशिवाय तो नव्या भूखंडावर जात नाही. वरवर ही अट कुळाचे रक्षण करणारी वाटते. पण संमती नाकारणारा बहुधा कोण असेल? भूखंडाला बिगरशेतीचा भाव येणार हे ज्याला ठाऊक आहे तो. पुढे १९९१ मध्ये अहमदाबादच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने भाडेकरूही हितसंबंधी व्यक्ती असल्याने त्यालाही नोटीस मिळाली पाहिजे, असे म्हटले. पहिल्या कायद्यानंतर शहात्तर वर्षांनी!

सरळ भूसंपादनात १८९४ चा कायदा मोबदल्यावर दावा सांगणाऱ्या प्रत्येकाला ‘हितसंबंधी’ मानत होता आणि वाटणीचा वाद न्यायालयाकडे पाठवण्याची सोयही त्यात होती. कागदावर कूळ वगळलेले नव्हते. व्यवहारात काय घडे ते मुळशीत दिसले. टाटांच्या धरणाविरुद्ध १६ एप्रिल १९२१ रोजी तेथे सत्याग्रह सुरू झाला, सेनापती बापट त्याचे नेते झाले. परंतु मुळशी पेट्यातील बरीच जमीन पुण्याच्या सावकारांकडे गेली होती. चांगला मोबदला मिळाला की सावकाराचा प्रश्न मिटत होता. मावळ्याला पैसा नको होता, भाताचे खाचर हवे होते. एकाच जमिनीवरच्या दोन हक्कांची ही दोन वेगळी भाषांतरे होती आणि कायद्याला त्यांतले एकच वाचता येत होते. १९२४ पर्यंत लढा विझला.

दुसरे भाषांतर वाचायला कायदा शिकला तो १ जानेवारी २०१४ पासून अमलात आलेल्या भूसंपादन कायद्यात. जमीन नावावर नसली तरी आधीची तीन वर्षे त्या क्षेत्रावर उपजीविका असलेले कूळ, वाटेकरी, शेतमजूर आणि कारागीर यांची कुटुंबे ‘बाधित’ ठरतात. यातही एक ग्यानबाची मेख आहे. हे पुनर्वसन संपादनाला लागू आहे; नियोजनाच्या नकाशाने जमिनीचे मोल आणि उपयोग बदलला, पण संपादन झालेच नाही, तर हा कायदा जागाच होत नाही.

मार्च २०२४ मध्ये पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंत किनारपट्टीच्या दीड हजारांहून अधिक गावांसाठी सिडकोला विशेष नियोजन प्राधिकरण नेमणारी अधिसूचना निघाली, तेव्हा चर्चा झाली ती मुख्यतः बांधकाम परवानग्यांची आणि ग्रामपंचायतींच्या अधिकारांची. सिंधुदुर्गातील सातबारा ज्याने हाताळला आहे त्याला दुसरीच धास्ती वाटली असेल. एका गटावर वीस-वीस सामाईक नावे, त्यांतली निम्मी मुंबईत, काही मृतांची. आणि कुळाच्या रकान्यात, असलेच तर, आजोबांचे नाव. वारसनोंद व्हायची राहिलेली.