उतरण्याच्या हक्काचे पैसे

माझ्या फाइलीत डीडीच्या फॉर्मची एक झेरॉक्स आहे, 1998 सालची, डोंबिवलीतल्या एका बँकेची. कागद पिवळा पडलाय, पण बाबांचं अक्षर लगेच ओळखू येतं. बँकेचा फॉर्म त्यांनीच भरायचा, अशी आमच्या घरची रीत. उभा जन्म रेल्वेच्या परळ वर्कशॉपमध्ये गेलेला माणूस. अक्षरी रकमेपुढे ‘फक्त’ लिहून उरलेली जागा त्यांनी आडवी रेघ मारून बंद केली आहे.

त्या दिवशी त्यांनी विचारलं होतं, “अगं, अर्जाचे पैसे मागेच भरलेस ना? मग हे परत कसले?”

अर्जाचे म्हणजे कॅनडात कायमचं राहायला जाण्याच्या अर्जाची प्रोसेसिंग फी. मोठ्या माणसाला 500 डॉलर, मुलाला 100. मी, नवरा आणि चार वर्षांची लेक मिळून 1,100. अर्ज नामंजूर झाला तरी ते गेले ते गेलेच. आता कॅनडा सरकार मागत होतं ती ‘राइट ऑफ लँडिंग फी’, माणशी 975. लेकीला माफ होती, तरी आमच्या दोघांचे 1,950 झाले. तेव्हाच्या भावाने अर्ध्या लाखाच्या वर. त्यासाठी बाबांनी एफडी मोडली. ‘उतरण्याच्या हक्काचे पैसे’ असं मी त्यांना मराठीत सांगितलं, तर म्हणाले, “हक्क आहे तर पैसे कसले?”

मला तेव्हा उत्तर आलं नाही. पुढे कॅनडात, मिसिसागात आल्यावर लायब्ररीत बसून ते शोधलं.

ही फी नवीच होती. फेब्रुवारी 1995 मध्ये अर्थमंत्री पॉल मार्टिन यांनी तूट कमी करण्यासाठी कठोर बजेट मांडलं, त्यात ती आली. लोकांनी तिला लगेच जुनं नाव दिलं: हेड टॅक्स. डोईपट्टी म्हणा हवं तर. ते नाव कुठून आलं हे कळल्यावर मी बरेच दिवस अस्वस्थ होते.

कॅनेडियन पॅसिफिक रेल्वेचा पश्चिमेकडचा अवघड भाग, डोंगर फोडून, दरीवर लाकडी पूल उभारून, हजारो चिनी मजुरांनी बांधला. त्यात शेकडो मेले. 1885 च्या उन्हाळ्यात रूळ पुरे होत आले आणि त्याच उन्हाळ्यात कायदा झाला: यापुढे येणाऱ्या चिनी माणसाने 50 डॉलर भरावेत. मग ते 100 झाले आणि 1903 मध्ये 500, म्हणजे मजुराची दोनेक वर्षांची कमाई. पैसे भरल्याचा दाखला मिळे, पुढेपुढे त्यावर माणसाचा फोटोही असे. ऐंशी हजारांहून अधिक लोकांनी ही पट्टी भरली. 1923 मध्ये ती बंद झाली, कारण चिन्यांना येऊ देणंच जवळपास बंद झालं. ते दार 1947 मध्ये उघडलं.

आपल्या लोकांना वेगळी मेख होती. 1908 पासून खिशात 200 डॉलर दाखवावे लागत आणि मायदेशातून सलग प्रवास करून यावं लागे. भारतातून थेट बोटच नव्हती. 1914 मध्ये कोमागाटा मारू नावाची बोट 376 जणांना घेऊन व्हँकुव्हरला आली आणि दोन महिने बंदरात अडकून बहुतेकांसकट परत पाठवली गेली. अर्जदारांना गुण देऊन निवडायची पद्धत आली 1967 मध्ये, आणि तिच्याच जोरावर आमच्यासारखे आले.

आमची फी म्हणजे तो हेड टॅक्स, असं मी म्हणणार नाही. ती सगळ्या देशांच्या लोकांना सारखी होती, आणि व्हिसा नाकारला तर परत मिळे. पण 975 हा आकडा लंडनच्या माणसाला आणि डोंबिवलीच्या माणसाला सारखा पडत नाही. निर्वासितांकडूनही तो 2000 सालापर्यंत घेतला जात होता, हे तर मला आजही पटत नाही.

2003 मध्ये बाबा आले, तेव्हा त्यांना टोरांटोत रेल्वेच्या चिनी मजुरांचं स्मारक दाखवलं. पुलाच्या सांगाड्यावर तुळई चढवणारे दोन कामगार आहेत. सीएन टॉवरपासून ते चालत जाण्याच्या अंतरावर, पण बाबांनी टॉवरकडे वळूनही पाहिलं नाही. तुळई कशी पेलली आहे तेच ते खालून, बाजूने, पुन्हा खालून बघत राहिले.

मे 2006 च्या बजेटने फी निम्मी करून 490 वर आणली. (2024 मध्ये ती वाढून 575 झाली.) मी बाबांना फोन केला. ज्यांनी पैसे भरले होते पण अजून उतरले नव्हते, त्यांना फरक परत मिळणार होता. आम्हाला उतरून सात वर्षं झाली होती.

“राहू दे,” ते म्हणाले. “आणि त्या रेल्वेवाल्यांच्या लोकांना?”

पुढच्याच महिन्यात, 22 जूनला, पंतप्रधान स्टीफन हार्पर यांनी संसदेत माफी मागितली. ज्यांनी पट्टी भरली आणि जे हयात आहेत त्यांना, किंवा मागे राहिलेल्या जोडीदाराला, 20,000 डॉलर. मी पुन्हा फोन केला.

“1923 च्या आधी आलेले म्हणजे,” बाबांनी हिशेब केला, “पोर असताना आले असतील तरी नव्वदीच्या घरात. किती उरले असतील गं?”

“थोडेच, बाबा.”

“वर्कशॉपात पेन्शनची फाइल अशीच यायची,” ते म्हणाले.